ताता वास्कोंचे गाव

पात्स्क्वारोच्या मोठ्या चौकात उभे राहिले की काहीतरी चुकल्यासारखे वाटते. चौक तर भला मोठा. जुनी, घेरदार झाडे, चारी बाजूंना कमानींच्या ओवऱ्या, मातीच्या विटांची कौलारू घरे. भिंती पांढऱ्या आणि खाली जमिनीपासून हातभर गेरूसारखा तांबडा पट्टा. दुकानांच्या पाट्यासुद्धा एकाच वळणाच्या, पहिले अक्षर लाल आणि बाकीची काळी. सगळे कसे नेटके. मग चुकते काय? थोड्या वेळाने लक्षात येते की या चौकावर चर्चच नाही. मेक्सिकोतल्या बहुतेक जुन्या गावांत चौक म्हटला की त्याच्या एका अंगाला चर्च ठरलेले. इथे त्याऐवजी चौकाच्या मधोमध एक कारंजे आहे आणि त्यात उंच चौथऱ्यावर एक किरकोळ अंगाचा पाद्री उभा आहे. गाव त्याला ताता वास्को म्हणते. पुरेपेचा भाषेत ताता म्हणजे वडील, किंवा वडिलांसारखा मान असलेला माणूस. ऐकल्याबरोबर मला आपले तात आणि तात्या आठवले. दोन भाषांचा एकमेकींशी काही संबंध नाही, पण कान मात्र सुखावले.

हे गाव मेक्सिकोच्या पश्चिमेकडील मिचोआकान राज्यात, समुद्रसपाटीपासून दोन हजार मीटरहून अधिक उंचीवर, एका मोठ्या तलावाच्या जवळ आहे. मेक्सिको म्हटले की आपल्याला वर्ध्याचे पांडुरंग खानखोजे आठवतात. क्रांतिकार्यातून परागंदा होऊन ते १९२४ मध्ये त्या देशात पोहोचले आणि पुढे मक्याचे शास्त्रज्ञ म्हणून नावाजले. मी मात्र तिथे गेलो तो सरळ साध्या कारणाने. मुलगी नोकरीसाठी मेक्सिको सिटीत असते आणि सेवानिवृत्त आईबापांना वेळच वेळ असतो. २०२३ च्या ऑक्टोबरात आम्ही गेलो, तेव्हा तिने चार दिवसांची रजा काढून विचारले की समुद्र बघायचा की कारागिरांचे गाव. मी कारागिरांचे गाव म्हणालो.

त्याला कारण होते. पुण्याच्या तांबट आळीत माझ्या आजोबांचे दुकान होते. बंब, घंगाळी, हंडे, कळश्या. दिवसभर तांबे मठारण्याचा आवाज. त्याच आजोबांनी माझ्या वडिलांना शाळेत घातले आणि मला तर हातोड्याला हातही लावू दिला नाही. शिकून खुर्चीवर बस, असे ते सांगत. मी बसलो. तेहतीस वर्षे शाळेत इतिहास शिकवला. आजोबा गेल्यावर हत्यारे किलोच्या भावाने मोडीत गेली. एक लहान हातोडा तेवढा राहिला, तो आमच्याकडे नारळ फोडायला वापरतात. याचे वाईट वाटावे की नाही, हे मला कधी नीट ठरवता आले नाही.

पात्स्क्वारोत सकाळी पायी गाव दाखवणाऱ्या गाइड असतात. आमच्या गाइडबाई साठीच्या, तलावाकाठच्या एका गावच्या, निळ्या-काळ्या पट्ट्यांची शाल पांघरलेल्या. त्या स्पॅनिशमध्ये सांगत आणि मुलगी आम्हांला मराठीत. त्यांनी पहिल्यांदा पुतळ्यासमोर उभे केले आणि सांगितले की या माणसाला समजून घेतल्याशिवाय गाव समजणार नाही. म्हणून आमचा तो फेरफटका म्हणजे एका माणसाचे चरित्रच झाले.

चौकातून एक गल्ली ओलांडली की लहान चौक लागतो. तिथे एका जुन्या चर्चच्या इमारतीत आता वाचनालय आहे. आत शिरताच समोरची अख्खी भिंत अंगावर येते. हुआन ओ'गोरमान या चित्रकाराने १९४१-४२ मध्ये तिच्यावर मिचोआकानचा सगळा इतिहास रंगवला आहे. वाचनालयाला हेर्त्रूदिस बोकानेग्रा हिचे नाव आहे. स्वातंत्र्ययुद्धात १८१७ साली याच गावात तिला गोळ्या घातल्या. पण बाईंनी आम्हांला थांबवले ते चित्राच्या दुसऱ्याच भागापाशी.

स्पॅनिश आले तेव्हा या तलावाभोवती पुरेपेचा लोकांचे बलाढ्य राज्य होते. अझ्टेकांनासुद्धा ते जिंकता आले नव्हते. राजधानी होती त्सिन्त्सुन्त्सान, म्हणजे गुंजन पक्ष्यांचे ठिकाण. अझ्टेकांची राजधानी १५२१ मध्ये पडल्यावर इथला राजा तांगाशुआन याने काळ ओळखला. त्याने लढाई टाळून शरणागती पत्करली, पुढे बाप्तिस्माही घेतला. त्याचा काही उपयोग झाला नाही. मेक्सिकोचा कारभार पाहणाऱ्या पहिल्या न्यायमंडळाचा प्रमुख नून्यो दे गुस्मान हा सोन्यासाठी हपापलेला माणूस. त्याने राजावर नाना आरोप ठेवले, त्याचे हाल केले आणि फेब्रुवारी १५३० मध्ये त्याला जाळून मारले. शरण आलेल्या राजाची ही गत पाहून लोक गावे सोडून डोंगरात पळाले. त्याआधी देवीच्या साथीने माणसे गेलीच होती. उरलेल्यांना पकडून, तोंडावर डाग देऊन खाणीत गुलाम म्हणून विकले जात होते.

ही बेबंदशाही स्पेनच्या दरबारालाही परवडणारी नव्हती. गुस्मानच्या मंडळाऐवजी दुसरे न्यायमंडळ नेमले गेले. त्यातल्या चार न्यायाधीशांपैकी एक होते वास्को दे किरोगा. जानेवारी १५३१ मध्ये ते मेक्सिकोत पोहोचले. माद्रिगाल दे लास आल्तास तोर्रेस या स्पेनमधल्या लहानशा गावचे, धंद्याने वकील. जुन्या चरित्रकारांच्या मते ते तेव्हा साठीचे होते, नव्या अभ्यासकांच्या हिशेबाने चाळिशी ओलांडलेले. काहीही धरले तरी नशीब काढायला समुद्र ओलांडणाऱ्या तरुणाचे ते वय नव्हे. त्याआधी उत्तर आफ्रिकेतल्या ओरान शहरात, जे तेव्हा स्पेनच्या ताब्यात होते, त्यांनी न्यायाधीश म्हणून अधिकाऱ्यांविरुद्धच्या तक्रारी ऐकल्या होत्या. जिंकलेल्या मुलखात कारभारी कसे वागतात, हे त्यांना ठाऊक होते.

आणि एक गोष्ट बाईंनी मुद्दाम सांगितली. ते आले तेव्हा पाद्री नव्हते.

मेक्सिको सिटीत न्यायाधीशाच्या आसनावर बसून ते रोज इथल्या लोकांची गाऱ्हाणी ऐकत. आईबाप गेलेली पोरे बाजारात पडलेले दाणे वेचून खाताना त्यांनी पाहिली. आल्याच्या वर्षीच त्यांनी स्पेनला लिहून अशा लोकांची वेगळी गावे वसवण्याची योजना मांडली. उत्तराची वाट पाहत ते बसले नाहीत. १५३२ मध्ये स्वतःच्या पगारातून शहरापासून दोन कोसांवर जमीन घेतली आणि पहिले गाव उभे केले. नाव सांता फे. इथे माझ्या मुलीने मान वर केली. तिचे ऑफिस ज्या काचेच्या उंच इमारतींच्या भागात आहे, त्याचे नाव सांता फेच आहे. रोज त्या नावाच्या बसमध्ये बसताना तिला हे माहीत नव्हते. त्या इमारतींच्या शेजारी ते जुने गाव आजही आहे.

त्या गावाला ते हॉस्पिटल म्हणत. आपण समजतो तो दवाखाना त्याचा फक्त एक भाग. आजाऱ्याला औषध, वाटसरूला आसरा, अनाथाला घर आणि धडधाकट माणसाला काम, असे सगळे मिळून ते एक गाव. त्यांनी नंतर लिहिलेले नियम आज उपलब्ध आहेत. दिवसाला सहा तास काम. जमीन सर्वांची, ती विकायची नाही. पीक ज्याच्या त्याच्या गरजेप्रमाणे वाटायचे. उरलेले विधवा, म्हातारे, आजारी यांच्यासाठी आणि दुष्काळासाठी राखायचे. कपडे साधे, पांढरे, स्वच्छ. आठदहा जोडप्यांचे एक मोठे कुटुंब, त्यात वडील माणसाचा शब्द चालायचा. कुटुंबप्रमुखांनी मिळून गावचा मुख्य निवडायचा. मुलांनी लिहायवाचायला शिकायचे आणि आठवड्यातून दोन दिवस मास्तरांबरोबर शेतात जायचे. सुतार, गवंडी, लोहार, विणकर यांची कामे शिकायची, पण शेती मात्र प्रत्येकाला आलीच पाहिजे.

इतिहासाच्या शिक्षकाला यातले काही ओळखीचे वाटणारच. थॉमस मोर या इंग्रजाने १५१६ मध्ये 'युटोपिया' नावाचे पुस्तक लिहिले होते. एका काल्पनिक बेटावरचा आदर्श समाज, तिथेही सहा तास काम आणि सगळ्यांची सामाईक मालमत्ता. वास्कोंनी ते वाचले होते आणि उघडपणे त्याचा आधार घेतला होता. युरोपात विद्वान ते पुस्तक वाचून वाद घालत होते आणि इथे एक वकील त्याचा गावाचा नकाशा करून विटा पाडायला बसला.

१५३३ मध्ये सरकारने त्यांना पाहणीसाठी मिचोआकानला पाठवले. डोंगरात पळालेल्या लोकांना परत आणणे, हे काम. तलावाच्या उत्तर काठी त्यांनी दुसरे सांता फे वसवले. आजही ते तिथे आहे आणि तिथले कुंभार आजही भट्ट्या लावतात. १५३४ मध्ये स्पेनच्या राजाने गुलामगिरीला पुन्हा मुभा दिली, तेव्हा पुढच्या वर्षी जुलैत वास्कोंनी तिच्याविरुद्ध लांबलचक कायदेशीर निवेदन लिहून पाठवले. राजाच्या नोकराने राजाच्या हुकुमाविरुद्ध केलेला तो युक्तिवाद होता.

वाचनालयातून बाहेर पडून आम्ही चढ चढू लागलो. दगडी फरसबंदीची गल्ली, दोन्ही बाजूंना त्याच पांढऱ्या-तांबड्या भिंती. वाटेत लोककलांचे संग्रहालय लागले. ही इमारत म्हणजे वास्कोंचे कॉलेज. त्याची कथा अशी की मिचोआकानसाठी स्वतंत्र धर्मप्रांत करायचे ठरले, तेव्हा बिशपपदासाठी राजाने या वकिलाचेच नाव सुचवले. मग त्यांना एकापाठोपाठ एक सगळ्या दीक्षा देण्यात आल्या आणि १५३८ मध्ये न्यायाधीशाचे बिशप झाले. आपले ठाणे त्यांनी त्सिन्त्सुन्त्सानहून पात्स्क्वारोला आणले. जुन्या राजधानीतल्या लोकांना हे मुळीच रुचले नाही.

१५४० मध्ये त्यांनी हे सान निकोलास कॉलेज काढले. हेतू असा की स्पॅनिश तरुण इथे पाद्री होण्यासाठी शिकतील आणि त्यांना इथली भाषा आलीच पाहिजे. त्याच आवारात स्थानिक मुलांनाही शिकता येई. मृत्युपत्रात वास्कोंनी लिहून ठेवले की पात्स्क्वारो आणि आसपासच्या मुलांना इथे फुकट शिकवावे, कारण ही इमारत त्यांच्या आईबापांनी बांधली आहे. हे ऐकले तेव्हा मी भिंतीला हात लावून पाहिला. फुकट शिक्षणाचे उपकार न मानता ते एक देणे मानणारा संस्थापक विरळाच.

चढाच्या टोकाला बॅसिलिका आहे, आरोग्यमातेचे देऊळ म्हणू या. पुरेपेचांच्या जुन्या देवस्थानाच्या जागीच ते बांधलेले आहे. वास्कोंची कल्पना मोठी होती. हाताच्या पाच बोटांसारखे पाच मंडप एका मध्यभागाकडे येणारे. पण जमीन भुसभुशीत, खर्च अफाट आणि विरोधक पुष्कळ. एकच मंडप पुरा झाला, तोच आजचा. आतली मेरीची मूर्ती त्यांनी स्थानिक कारागिरांकडून करवून घेतली आणि ती लाकडाची वा दगडाची नाही. मक्याच्या ताटांतला गाभा वाळवून, कुटून, आमरीच्या कंदाच्या डिंकात मळून तिचे अंग घडवले आहे. ही पुरेपेचांची जुनी विद्या. पूर्वी ते आपल्या देवांच्या मूर्ती अशाच करीत, हलक्या, म्हणजे लढाईत खांद्यावरून नेता येत. जुने देव गेले, हात तेच राहिले. ती मूर्ती पावणेपाचशेहून अधिक वर्षे टिकली आहे. त्याच देवळात वास्कोंच्या अस्थी ठेवलेल्या आहेत. आम्ही गेलो तेव्हा एक म्हातारी तिथे कणसांची जुडी ठेवून निघून गेली. मेरीपुढे नव्हे, ताता वास्कोंपुढे.

उतरून आम्ही अकरा चौकांच्या वाड्यात गेलो. पूर्वी हा जोगिणींचा मठ होता. नाव अकरा चौकांचे असले तरी आता तेवढे चौक उरलेले नाहीत. खोल्याखोल्यांतून कारागीर बसतात. एका खोलीत एक बाई लाकडी परातीवर लाखकामासारखे काम करीत होत्या. त्याला माके म्हणतात. एका किड्याची चरबी, चिया नावाच्या बियांचे तेल आणि बारीक माती यांचा लेप द्यायचा आणि हाताच्या तळव्याने घासत राहायचे. मग रंग, मग पुन्हा घासणे, शेवटी सोन्याच्या वर्खाची वेलबुट्टी. त्या बाईंचा तळवा त्या परातीसारखाच गुळगुळीत झाला होता.

इथेच बाईंनी या प्रदेशाची सर्वांत प्रसिद्ध गोष्ट सांगितली. तलावाभोवतीच्या प्रत्येक गावाला ताता वास्कोंनी एकेक कसब वाटून दिले. सांता क्लाराला तांबे, पाराचोला गिटारी, त्सिन्त्सुन्त्सानला मडकी, उरुआपानला माके, हाराक्वारोला टोप्या, इवात्सिओला पाणगवताच्या चटया. प्रत्येक गाव वेगळी वस्तू करणार, म्हणजे कुणी कुणाच्या पोटावर पाय देणार नाही आणि प्रत्येकाला दुसऱ्याची गरज लागेल. बाजार भरला की देवाणघेवाण होईल. ती आजही होते. पात्स्क्वारोत ठरलेल्या दिवशी बायका पैशांविना नुसत्या वस्तूंची अदलाबदल करतात.

गोष्ट सुंदर आहे. पण ऐकताना माझ्या मनात काटा टोचला. आपण ज्या देशातून आलो, तिथे जन्माबरोबर धंदा मिळणे म्हणजे काय असते, हे आपल्याला चांगले माहीत आहे. तांबटाच्या मुलाने तांबटच व्हायचे. त्यातूनच तर आजोबांनी मला हात धरून बाहेर काढले होते. मग ही वाटणी म्हणजे उपकार की बेडी? मी मुलीला म्हटले, विचार त्यांना.

बाई हसल्या. त्यांनी आधी गोष्टच दुरुस्त केली. तांब्याचे काम पुरेपेचा लोक स्पॅनिश येण्यापूर्वी कित्येक पिढ्या करीत होते, मडकी आणि माकेही. गावागावांची कसबेही पुष्कळशी आधीचीच. वास्कोंनी, आणि त्यांच्याबरोबर इथे राबलेल्या फ्रान्सिस्कन आणि ऑगस्टिनियन पाद्र्यांनी, नवी हत्यारे आणली, नवी कामे शिकवली, मोडलेले बाजार पुन्हा बसवले. बाकीचे श्रेय लोकांनी प्रेमाने त्यांच्या पदरात घातले. आणि बेडीचे म्हणाल तर त्यांच्या तीन भावांपैकी दोघे उत्तरेला अमेरिकेत आहेत, एक छपरे घालतो, एक हॉटेलात भांडी घासतो. कसबात पोट भरत नाही म्हणून गेले. तेव्हा त्यांना अडवायला ताता वास्को आले नाहीत आणि थांबवायलाही नाही.

त्या उत्तरावर मी बराच वेळ विचार करीत होतो. मला वाटते, वास्कोंचे नियम नीट वाचले तर त्यात बेडी दिसत नाही. प्रत्येक मुलाला अक्षर, प्रत्येकाला शेती आणि हाताला एक कसब. ज्याला पुढे शिकायचे त्याला कॉलेजचे दार उघडे. आपल्याकडे ज्याच्या हाती हातोडा त्याच्या हाती पुस्तक नाही आणि ज्याच्या हाती पुस्तक त्याने हातोड्याला शिवायचे नाही, अशी फाळणी झाली. ती त्यांनी केली नाही.

म्हणून त्यांना देव करून टाकण्याचे कारण नाही. स्पेनला हा मुलूख जिंकण्याचा अधिकार होता की नाही, असा प्रश्न त्यांनी कधी उपस्थित केला नाही. इथल्या लोकांना ते मऊ मेणासारखे समजत, ज्याला आपण हवा तो चांगला आकार द्यायचा. गावाचा मुख्य लोकांनी निवडायचा, पण त्याच्यावर रेक्टर म्हणून स्पॅनिश पाद्री असायचाच. १५३६ मध्ये त्यांच्या न्यायाधीशपदाच्या कारभाराची चौकशी झाली, तेव्हा सांता फे बांधताना स्थानिक लोकांकडून काम आणि सामान घेतल्याची तक्रार पुढे आली होती. त्यातून ते निर्दोष सुटले, पण गरिबांचे गावही गरिबांच्याच खांद्यावर उभे राहिले, हे खरे.

बिशप झाल्यावरही त्यांच्यातला वकील स्वस्थ बसला नाही. तलावाकाठच्या गावांवर एका स्पॅनिश जहागीरदाराने हक्क सांगितला होता. तो दावा वर्षानुवर्षे चालला. १५४१ मध्ये व्हाइसरॉय मेन्दोसा यांनी पूर्वेला वायादोलिद नावाचे नवे शहर वसवले आणि धर्मपीठ तिकडे नेण्याची खटपट सुरू झाली. वास्कोंनी ती हयातभर रोखून धरली. १५४७ मध्ये ते कज्जे आणि कामे घेऊन स्पेनला गेले आणि तब्बल सात वर्षांनी, १५५४ मध्ये परतले. एव्हाना ते चांगलेच वृद्ध झाले होते. तिकडे सुखाने राहता आले असते. ते परत आले आणि पुन्हा खेचरावर बसून गावोगाव फिरू लागले. १५६५ च्या जानेवारीत त्यांनी मृत्युपत्र केले. त्यात काळजी मुख्यतः दोन सांता फे आणि कॉलेज यांची. त्याच वर्षी मार्चमध्ये ते वारले.

ते गेल्यावर पंधरा वर्षांनी, १५८० मध्ये, विरोधकांच्या मनासारखे झाले. धर्मपीठ वायादोलिदला गेले आणि पाठोपाठ कॉलेजही. पात्स्क्वारो मागे पडले. पण त्या कॉलेजने मालकांनाही चकवले. मिगेल इदाल्गो तिथे शिकला आणि पुढे तिथलाच प्रमुख झाला. १८१० मध्ये स्पेनविरुद्ध स्वातंत्र्याचा झेंडा उभारणारा तो हाच. त्याचा साथीदार होसे मारिया मोरेलोस हाही त्याच कॉलेजचा विद्यार्थी. वायादोलिदला आज मोरेलोसच्या नावावरून मोरेलिया म्हणतात आणि कॉलेजचा वारसा तिथले विद्यापीठ सांगते. २०२० च्या डिसेंबरात पोपनी वास्कोंना संतपदाच्या वाटेवरची पहिली मोठी पायरी दिली. बाईंना त्याचे फारसे अप्रूप नव्हते. गावाने ते कधीच ठरवून टाकले होते, असे त्यांच्या चेहऱ्यावर दिसत होते.

फेरफटका दुपारी संपला. निरोप घेताना मी त्यांना आजोबांच्या हातोड्याबद्दल सांगितले. त्या म्हणाल्या की मग तुम्ही सांता क्लाराला गेल्याशिवाय परतू नका. दक्षिणेला पाऊणएक तासाचा रस्ता. आम्ही तसेच निघालो.

सांता क्लारा देल कोब्रेच्या वेशीपासूनच तो आवाज ऐकू आला. साठ वर्षांनी. एका कारखान्यात शिरलो. विजेच्या जुन्या तारा आणि मोडीचे तांबे भट्टीत वितळवून त्याची जाड भाकरी ओतलेली होती. ती लालबुंद करून ऐरणीवर ठेवली की चार माणसे भोवती उभी राहत आणि पाळीपाळीने घण घालीत. एकाचा उचलला की दुसऱ्याचा पडलेला, ताल कुठे चुकत नव्हता. पुन्हा भट्टी, पुन्हा घण. त्या भाकरीचे हळूहळू भांडे होते, एकाच तुकड्याचे, कुठे सांधा नाही. आमच्या आळीत पत्रा घेऊन काम चाले, इथे गोळ्यापासून सुरुवात. पण शेवटी मालक लहान हातोडी घेऊन भांड्याच्या अंगावर ठिपक्यांच्या ओळी पाडू लागला, तेव्हा मी नुसता बघत राहिलो. हे मठारकामच होते. हातोडी जरा तिरपी, मनगट सैल, डाव्या हाताने भांडे हलकेच फिरत. आजोबा असेच बसत.

चार घणांतला एक घण एका तरुण मुलीच्या हातात होता. मालकाची मुलगी. आठवडाभर ती मोरेलियाच्या विद्यापीठात रसायनशास्त्र शिकते आणि शनिवार-रविवार घरी येऊन बापाबरोबर घण घालते. कुठले विद्यापीठ, ते मी मुद्दाम विचारले. तेच.

मालकाने माझ्याकडे पाहिले आणि हातोडी पुढे केली. मी नको म्हणालो. बायकोने ढकलले. मी ठोका दिला, तो वाकडा पडला आणि चकचकीत ओळीत एक ओबडधोबड खळगा उठला. मला मेल्याहून मेल्यासारखे झाले. मालकाने माझे मनगट धरून जरा वळवले, दुसरा ठोका बरा पडला. माझा पहिला ठोका त्याने पुसून टाकला नाही. ते भांडे आम्ही विकत घेतले.

आता ते आमच्या दिवाणखान्यात आहे. आजोबांचा हातोडा अजूनही स्वयंपाकघरातच असतो, कारण नारळ तर फोडावेच लागतात. पण मध्यंतरी एका रविवारी नातवाला घेऊन तांबट आळीत गेलो. काही दुकाने अजून चालू आहेत. एका तांबटाशेजारी त्याला तासभर बसवले. नातू दहावीला आहे आणि त्याला इंजिनिअर व्हायचे आहे. तो होईलच. हातोडी मात्र त्याने मागून घेतली आणि त्याला कुणी नको म्हटले नाही.